दहा पावले आणि एक वळण

उंच उडीचा माझा प्रत्येक सराव मोजपट्टीने सुरू होतो. उजव्या खांबापासून बारच्या रेषेत बाजूला चार मीटर, तिथून काटकोनात मागे सोळा मीटर पंचावन्न सेंटिमीटर, आणि त्या बिंदूवर जमिनीला चिकटवलेला पांढऱ्या पट्टीचा एक तुकडा. तिथे डावा पाय ठेवून मी उभी राहते, उजव्या पायाने पहिले पाऊल टाकते आणि दहाव्या पावलाला डाव्या पायाने जमीन सोडते. हा दुसरा आकडा माझ्या वहीच्या पहिल्या पानावर लिहिलेला आहे आणि तो आजवर सहा वेळा खोडून पुन्हा लिहावा लागला आहे. उडी पाहणाऱ्यांना हवेतली कमान दिसते, तिचीच छायाचित्रे निघतात आणि शिकू पाहणाऱ्या मुलीही सुरुवातीला त्या कमानीविषयीच विचारतात. मी मात्र इथे लिहिणार आहे ते प्रामुख्याने त्या पांढऱ्या तुकड्याविषयी, कारण एकदा आलेली आणि नंतर हरवलेली उडी मी दुसऱ्यांदा शिकले ती तिथून.

पहिल्यांदा शिकले तेव्हा शिकण्यासारखे काही आहे हेच मला माहीत नव्हते. शाळेत असताना आम्ही वाळूच्या खड्ड्यावर सिझर मारायचो, म्हणजे बारला समांतर धावत यायचे, बारजवळचा पाय आधी वर फेकायचा, मागून दुसरा, आणि उभ्यानेच पलीकडे उतरायचे. पुढे एकदा मोठी मॅट मिळाली, दोन मुली पाठीवर उड्या मारताना पाहिल्या आणि आठवडाभरात मीही पाठीवर पडू लागले. पंधराव्या वर्षी मी १.५२ मीटर पार केले. किती पावले धावते, कुठून सुरुवात करते, शेवटचे पाऊल कुठे पडते, यांपैकी एकाही प्रश्नाचे उत्तर मला देता आले नसते. त्यानंतरच्या दोन वर्षांत माझी उंची वाढली, वजन वाढले, पावलांची लांबी बदलली आणि अठराव्या वर्षी मी १.४० वरही बार पाडू लागले. जे कसे येते ते कळलेच नव्हते, त्यामुळे ते कुठे गेले हे शोधण्याचा मार्गही माझ्याजवळ नव्हता. मी मैदान सोडले. एकविसाव्या वर्षी परतले तेव्हा नव्या प्रशिक्षकांनी माझ्या चार उड्या पाहिल्या, बार काढून बाजूला ठेवला आणि म्हणाले, "तू आधी धावायला शीक. उडीचं नंतर बघू." जाता जाता त्यांनी एक नावही दिले आणि तिच्याविषयी वाचून ये म्हणून सांगितले. ते नाव होते उल्रिके मायफार्त.

मी वाचले आणि सरांना नेमके काय सुचवायचे होते ते पहिल्याच पानावर कळले. ४ सप्टेंबर १९७२ रोजी म्युनिकच्या ऑलिंपिकमध्ये पश्चिम जर्मनीच्या मायफार्तने महिलांच्या उंच उडीचे सुवर्णपदक मिळवले तेव्हा तिला सोळावे वर्ष पूर्ण होऊन अवघे चार महिने झाले होते. स्पर्धेला येताना तिची सर्वोत्तम कामगिरी १.८५ मीटर होती. त्या संध्याकाळी तिने १.९० पार करून पदक निश्चित केले आणि त्यानंतर बार १.९२ वर चढवून तेही पार केले, म्हणजे ऑस्ट्रियाच्या इलोना गुझेनबाउअरने आदल्या वर्षी केलेल्या जागतिक विक्रमाची बरोबरी केली. खुद्द गुझेनबाउअर त्याच स्पर्धेत होती आणि १.८८ वर थांबून तिसरी आली. तितकीच उंची पार करणारी बल्गेरियाची योर्दांका ब्लागोएव्हा दुसरी आली. एका संध्याकाळी स्वतःच्या सर्वोत्तम उडीत सात सेंटिमीटरची भर घालणे म्हणजे काय, हे ज्याने दीड सेंटिमीटरसाठी वर्ष घालवले आहे त्यालाच उमगेल. ऑलिंपिकमध्ये महिलांची उंच उडी फ्लॉपने, म्हणजे पाठीवरून बार ओलांडून, जिंकणारी ती पहिली. डिक फॉसबरीने १९६८ मध्ये मेक्सिको सिटीत पाठीवरून उडी मारून सुवर्ण मिळवल्याला तेव्हा चारच वर्षे झाली होती आणि अनेक उत्तम खेळाडू अजून पोटावरून बार ओलांडणाऱ्या स्ट्रॅडलने उड्या मारत होते. दुसऱ्या दिवशी पहाटे त्याच ऑलिंपिक ग्राममध्ये इस्रायली खेळाडूंना ओलीस धरले गेले. म्युनिकची आठवण पुढे त्या हत्याकांडाशी जोडली गेली हे स्वाभाविकच होते. पण त्यामुळे त्या मुलीच्या आनंदाला धड एक रात्रसुद्धा मिळाली नाही, हे वाचताना मला चुटपुट लागली.

मला अधिक ओढ लागली ती मात्र पुढच्या भागाची. म्युनिकनंतर तिची उडी घसरली. त्याकडे मी नंतर वळेन, कारण तो भाग समजण्याइतपत शहाणपण मला तेव्हा आलेले नव्हते. तेव्हा मी फक्त वर्तुळात धावत होते.

हे वर्तुळात धावणे अक्षरशः खरे आहे. फ्लॉपचा रन-अप इंग्रजी जे अक्षरासारखा असतो: सुरुवातीची पाच पावले सरळ, नंतरची पाच वळणात. त्या वळणासाठी सरांनी मैदानावर चुन्याने दहा-अकरा मीटर व्यासाचे वर्तुळ आखले आणि त्यावर मला दोन महिने पळवले. वळणावर धावताना शरीर आतल्या बाजूला कलते, जसे सायकल वळवताना कलते, पण ते घोट्यापासून संपूर्ण कलायला हवे. मी कमरेतून वाकत होते आणि डावा खांदा तेवढा खाली पाडत होते. बाहेरून हे दोन्ही सारखेच दिसते असे मला वाटायचे. एके दिवशी सरांनी माझ्या दोन्ही खांद्यांवरून मानेमागे एक हलकी काठी धरायला लावली आणि तशीच धाव म्हणाले. काठीचे डावे टोक जवळजवळ गुडघ्यापर्यंत खाली गेले होते. त्यानंतर वाद उरला नाही.

हे कलणे इतके महत्त्वाचे का, हे समजायला मला आणखी वेळ लागला. वळणात आत कललेले शरीर टेक-ऑफच्या क्षणी सरळ उभे होते, आणि कललेल्या स्थितीतून उभ्या स्थितीत येण्याच्या त्या हालचालीतच बारवरून फिरण्याची गती साठलेली असते. म्हणजे वर गेल्यावर स्वतःला फिरवण्यासाठी वेगळे काही करावे लागत नाही. जो खेळाडू वळणात कलत नाही त्याला ती गती कुठून तरी आणावीच लागते, मग तो टेक-ऑफलाच खांदा बारकडे टाकतो आणि वर जाण्याऐवजी बारमध्ये जातो. मी वर्षानुवर्षे नेमके हेच करत आले होते. पंधराव्या वर्षी मात्र माझे अंग आपोआप कलत असले पाहिजे, कारण बारीक, हलकी, भीती माहीत नसलेली मुलगी वळणावर पूर्ण वेगाने धावली की कलतेच.

दोन महिन्यांनी बार आला, पण खरा बार नव्हे. दोन खांबांना जाड इलॅस्टिकची दोरी बांधली गेली. खरा बार चार मीटर लांब आणि दोन किलोपेक्षा कमी वजनाचा असतो, त्याला घाबरण्यासारखे त्यात फारसे काही नाही. पण पाठीच्या कण्यावर तो एकदा आडवा बसला आणि त्याच्यासकट आपण मॅटवर आदळलो की पुढच्या दहा उड्या शरीर आपल्या परवानगीशिवाय आखडते घेते. माझ्या दोन्ही खांद्याच्या पात्यांखाली त्या वर्षी एक निळसर आडवी रेघ कायम असायची. फ्लॉपची अडचण अशी की ज्या गोष्टीवरून जायचे ती शेवटच्या क्षणी दिसेनाशी होते. सिझरमध्ये आणि स्ट्रॅडलमध्ये बार डोळ्यांसमोर राहतो. फ्लॉपमध्ये आपण त्याच्याकडे पाठ करतो आणि आकाश पाहत त्याच्यावरून जातो. तो आता कुठे आहे हे सांगणारी एकच गोष्ट आपल्याजवळ असते, ती म्हणजे आपण जमीन कुठे सोडली याची खात्री. मोजपट्टीचे महत्त्व मला पटले ते इथे. पावले दर वेळी त्याच ठिकाणी पडत असतील तर बारकडे पाहण्याची गरज उरत नाही.

मॅटच्या कडेला पाठ करून उभे राहायचे, दोन्ही पायांवर उसळी मारायची, नितंब वर ढकलायचे आणि मागे पडायचे, हा व्यायाम मी किती वेळा केला त्याची गणती नाही. त्यात डोके मागे टाकायचे असते, पण बार कमरेखालून गेल्याबरोबर हनुवटी छातीकडे आणायची असते, म्हणजे पाय आपसूक वर येतात आणि टाचा बारला लागत नाहीत. हनुवटी लवकर आणली तर कंबर खाली बसते, उशिरा आणली तर पोटऱ्या बार घेऊन जातात. या कमानीचा फायदा असा की शरीराचे एकेक अंग पाळीपाळीने बारवरून जाते, त्यामुळे शरीराचा गुरुत्वमध्य बारच्या खालून गेला तरी खेळाडू वरून जाऊ शकतो. हे पहिल्यांदा ऐकले तेव्हा मला ते जादूसारखे वाटले. पण हवेत गेल्यावर गुरुत्वमध्याचा मार्ग कोणालाही बदलता येत नाही, तो जमिनीवरच ठरलेला असतो, हे सरांनी लगेच पुढे जोडले, आणि पुन्हा वर्तुळाकडे बोट दाखवले.

इथे थोडे विषयांतर करते. त्या काळात सिझरकडे परत जावे असा विचार माझ्या मनात अनेकदा आला आणि त्याला कारण होती रुमानियाची योलांडा बालाश. तिने सिझरच्याच सुधारित पद्धतीने १९५८ मध्ये १.८३ मीटर, म्हणजे सहा फूट, पार केले. असे करणारी ती पहिली महिला. १९५६ ते १९६१ या काळात तिने जागतिक विक्रम चौदा वेळा केला आणि तो १.९१ वर नेऊन ठेवला, जो पुढे दहा वर्षे टिकला. १९६० च्या रोम ऑलिंपिकमध्ये तिने १.८५ ची उडी मारली, तेव्हा दुसऱ्या क्रमांकाच्या दोघी १.७१ वर होत्या. चौदा सेंटिमीटरचा हा फरक मी सरांना मोठ्या उत्साहाने ऐकवला. ते म्हणाले, "ती एक मीटर पंच्याऐंशी उंच होती. तू किती आहेस?" मी १.६६ आहे. सिझरचा विषय तिथे संपला.

सर्वांत अवघड गेले ते शेवटून दुसरे पाऊल. नवव्या पावलाला उजवा पाय सपाट पडायला हवा आणि कंबर किंचित खाली यायला हवी, पण वेग कमी होता कामा नये. मी तिथे 'बसत' होते, म्हणजे उडी मारायची आहे हे आठवून गुडघा जास्त वाकवत होते, आणि सहा महिने मिळवलेला वेग त्या एका पावलात घालवत होते. त्यापुढचे दहावे पाऊल शरीराच्या पुढे, झटकन पडावे लागते, आणि डावा पाय जमिनीवर असतो तो काळ सेकंदाच्या पाचव्या हिश्श्यापेक्षाही कमी. त्या अवधीत विचार करून काही दुरुस्त करणे अशक्य आहे. जे काही करायचे ते आधीच्या पावलांत. उजवा गुडघा वर खेचायचा, हात वर न्यायचे, नजर बारच्या पलीकडे, ही सगळी यादी तोंडपाठ असूनही त्या क्षणी यादी आठवणारे कोणी शिल्लक नसते.

त्या पावलानेच मला खाली आणले. वळणात धावताना डावे पाऊल वळणाच्या दिशेने, जवळजवळ बारला समांतर टाकण्याचा मोह होतो. ते मॅटच्या पलीकडच्या कोपऱ्याकडे वळलेले हवे. समांतर पडलेल्या पावलावर शरीराच्या वजनाच्या कितीतरी पट भार येतो आणि घोटा आत कोसळतो. एका संध्याकाळी, सराव संपल्यावर 'एक शेवटची' म्हणून मारलेल्या उडीत, घोट्याच्या आतल्या बाजूला काहीतरी फाटल्यासारखे झाले. हाड शाबूत होते, बंध ताणले गेले होते. सहा आठवडे धावणे बंद, त्यानंतर एका पायावर तोल सांभाळणे, टाचा उचलणे, मऊ जमिनीवर लहान लंगड्या. दमल्यावर शेवटची उडी मारू नये हे मला आधी सांगितलेले होते, त्यामुळे दोष देण्याजोगे दुसरे कोणी नव्हते.

मायफार्तची मधली वर्षे मी वाचली ती या सहा आठवड्यांत. सोळाव्या वर्षी मिळालेल्या सुवर्णपदकाच्या पुढच्याच ऑलिंपिकमध्ये, १९७६ च्या मॉन्ट्रियलला, ती अंतिम फेरीतही पोहोचू शकली नाही. तिथे पूर्व जर्मनीच्या रोझमारी आकरमानने १.९३ च्या उडीसह सुवर्ण जिंकले, तेही जुन्या स्ट्रॅडलने. पुढच्या वर्षी २६ ऑगस्ट १९७७ रोजी पूर्व बर्लिनमध्ये आकरमान दोन मीटर पार करणारी पहिली महिला ठरली. १९७८ मध्ये इटलीच्या सारा सिमिओनीने विक्रम २.०१ वर नेला. म्हणजे मायफार्तने सोळाव्या वर्षी ज्या विक्रमाशी बरोबरी केली होती तो तिच्या डोळ्यांदेखत नऊ सेंटिमीटर वर गेला आणि तो नेणाऱ्या इतर होत्या. १९८० च्या मॉस्को ऑलिंपिकवर पश्चिम जर्मनीने बहिष्कार टाकला, त्यामुळे तिथे जाण्याचा प्रश्नच आला नाही. सोळाव्या वर्षी विजेती झालेल्या मुलीला चोविसाव्या वर्षी 'माजी' म्हणून सोडून देणे लोकांना सोपे गेले असते. तिने मात्र लेव्हरकुझेन इथे गेर्ड ओझेनबर्ग या प्रशिक्षकांकडे काम सुरू ठेवले होते.

मला तिच्याविषयी वाटणारी आपुलकी या वर्षांमुळे आहे, पदकांमुळे नव्हे. न कळता जमलेली गोष्ट कळून पुन्हा जमवणे हे पहिल्यांदा शिकण्यापेक्षा वेगळे आणि अधिक चिडचिडीचे काम आहे, कारण आपले जुने शरीर काय करू शकत होते ते आपल्याला माहीत असते आणि नवे शरीर ते ऐकत नाही. माझे १.५२ आणि तिचे १.९२ यांची तुलना करण्याइतकी मी भाबडी नाही. पण घोट्यावर बर्फाची पिशवी ठेवून बसलेली असताना, दहा वर्षांनी, सप्टेंबर १९८२ मध्ये, अथेन्सच्या युरोपीय स्पर्धेत तिने २.०२ पार करून जागतिक विक्रम पुन्हा आपल्या नावावर केला हे वाक्य मी तीनदा वाचले. पुढच्या वर्षी हेलसिंकीच्या पहिल्या जागतिक स्पर्धेत ती सोव्हिएत संघाच्या तमारा बिकोवाच्या मागे दुसरी आली, आणि त्याच ऑगस्टमध्ये लंडनला दोघींनी एकाच स्पर्धेत २.०३ मारले. एकाच दुपारी दोघींच्या नावावर नवा विक्रम. बिकोवाने तो चार दिवसांनी आणखी एक सेंटिमीटर वर नेला.

घोटा बरा झाल्यावर माझा रन-अप पुन्हा आठ पावलांपासून सुरू झाला आणि हळूहळू दहावर आला. मग स्पर्धा आल्या, आणि स्पर्धा हे वेगळेच शिक्षण निघाले. नियम साधे आहेत: टेक-ऑफ एकाच पायाने, सलग तीन वेळा बार पडला की बाहेर, कोणतीही उंची हवी तर सोडून देता येते. पंचाने पांढरा झेंडा दाखवला की उडी ग्राह्य, लाल दाखवला की फाउल. नाव पुकारल्यापासून एक मिनिट मिळते. सरावात हे मिनिट कधीच नसते, पुढच्या मुलीच्या उडीनंतर बार परत ठेवण्याची वाट पाहणेही नसते, आणि वीस मिनिटे बसून थंड पडलेल्या पायांनी उठून दहा पावले तंतोतंत टाकण्याची वेळ तर मुळीच येत नाही. परतल्यानंतरच्या पहिल्या स्पर्धेत मी सुरुवातीच्या उंचीवर, केवळ गडबडीने, एक बार पाडला. पुढे १.५५ पर्यंत सगळे पार झाले आणि १.५८ वर माझे तीन प्रयत्न संपले. दुसऱ्या एका मुलीनेही १.५५ च केले होते आणि तेही माझ्यासारखेच पहिल्या प्रयत्नात. बरोबरी झाली की आधी शेवटच्या पार केलेल्या उंचीवरचे फाउल पाहतात, तेही सारखे असतील तर तोवरचे सगळे फाउल मोजतात. तासाभरापूर्वी पाडलेला तो सोपा बार तिथे मोजला गेला आणि मी चौथी आले. त्यानंतर मी पहिल्या उंचीलाही शेवटच्या उंचीइतकेच गंभीरपणे उभी राहते.

१९८४ च्या लॉस एंजेलिस ऑलिंपिकच्या अंतिम फेरीविषयी मी वाचले तेव्हा या तपशिलांमुळे ते वेगळ्या रीतीने वाचता आले. शेवटी उरल्या होत्या दोघी: मॉस्कोची विजेती, एकतीस वर्षांची सिमिओनी, आणि म्युनिकची विजेती, अठ्ठावीस वर्षांची मायफार्त. सिमिओनीने दोन मीटर पार केले. बार २.०२ वर गेला, मायफार्तने तो पार केला, सिमिओनीला जमला नाही. दोन सुवर्णपदकांमध्ये बारा वर्षांचे अंतर. त्या वेळी पूर्व युरोपातील बहुतेक देशांनी बहिष्कार टाकला होता, त्यामुळे बिकोवा तिथे नव्हती आणि तीनच आठवड्यांपूर्वी २.०७ चा जागतिक विक्रम करणारी बल्गेरियाची ल्युदमिला आंदोनोव्हाही नव्हती, हे सांगायलाच हवे. काही जण त्यावरून या पदकाचे मोल कमी करतात. मला ते पटत नाही. चार वर्षांपूर्वी मॉस्कोत अनुपस्थित राहणाऱ्यांत तीच होती, आणि २.०२ ही उंची कोण आले कोण नाही यावर बदलत नाही. त्यानंतर तिने स्पर्धा सोडल्या आणि पुढे लेव्हरकुझेनमध्येच मुलांना शिकवले.

माझ्यापुरती उंची १.६७ होती. आंतरराष्ट्रीय स्पर्धेत या उंचीला बार लावतही नाहीत, पण ती माझ्या स्वतःच्या उंचीपेक्षा एका सेंटिमीटरने जास्त होती आणि ती ओलांडल्याशिवाय थांबायचे नाही असे मी ठरवले होते. मागच्या मोसमातल्या शेवटच्या स्पर्धेत मी १.५५, १.५८ आणि १.६१ पहिल्या प्रयत्नात पार केले. १.६४ वर दुसऱ्या प्रयत्नात बार हलला, डुगडुगला आणि जागेवर राहिला; मी मॅटवर पडल्या पडल्या त्याच्याकडे पाहत राहिले आणि पंचांनीही बराच वेळ झेंडा उचलला नाही. शेवटी पांढरा आला. ही माझी आजवरची सर्वोत्तम उडी. मग बार माझ्या डोक्याच्या वर गेला. खांबांजवळ उभे राहून पाहिले तर त्याची खालची कड जेमतेम माझ्या कपाळाला लागत होती, पण सोळा मीटर मागून तो फारच वर दिसत होता.

पहिला प्रयत्न मी वेगाने धावून बारखालून निघून गेले. दुसऱ्यात वर गेले, पण खांद्यांनीच बार खाली आणला. तिसऱ्यात सगळे नीट झाल्यासारखे वाटले, कमरेखाली काही लागलेही नाही, आणि मॅटवर उतरताना बाजूला फायबरचा तो पोकळ आवाज ऐकू आला. वर जातानाच बार माझ्या पाठीला चाटला होता. पंचांनी लाल झेंडा दाखवला, वहीत तिसरी फुली मारली आणि पुढचे नाव पुकारले.

मी पट्टी काढायला गेले तेव्हा सर तिथे उभे होते. त्यांनी उंचीविषयी काही विचारले नाही. "नववं पाऊल कुठे पडलं?" एवढेच म्हणाले. मी डोळे मिटून ते पुन्हा टाकून पाहिले आणि सांगितले, नेहमीच्या जागेपेक्षा जवळजवळ एक वीत पुढे, बारकडे. दहावेही तितकेच पुढे. उडीचा शेंडा बारच्या पलीकडे गेला होता. मी त्या दिवशी आधीपेक्षा जोरात धावत होते आणि पावले लांब झाली होती. सरांनी मान डोलावली. मी वही काढली, सोळा चाळीसवर रेघ मारली आणि खाली सोळा पंचावन्न लिहिले.